बहिर्जींचा ‘जासूद’ आणि पॉकेटबुकांतला ‘गुप्तहेर’ : मराठी हेरकथेच्या शब्दसंपदेचा ऐतिहासिक मागोवा

प्रस्तावना :

इ.स. १६७९ च्या नोव्हेंबर महिन्यात छत्रपती शिवाजी महाराजांच्या फौजेने जालना ही मोगलांची संपन्न पेठ लुटली. लुटीच्या ओझ्याने फौजेची चाल मंदावली. परतीच्या वाटेवर संगमनेरच्या बाजूस रणमस्तखानाने तिला गाठले आणि या लढाईत सिधोजी निंबाळकर पडले. शत्रूची आणखी कुमक येत असता बहिर्जी नाईकांनी अपरिचित वाटांनी फौज पट्टा किल्ल्यावर सुखरूप पोहोचविली. महाराजांना तेथे विश्रांती मिळाली म्हणून या किल्ल्यास ‘विश्रामगड’ हे नाव पडले. लोणारहून जालना शंभर किलोमीटरच्या आत आहे आणि त्याच वाटेवर जिजाऊंचे सिंदखेड राजा आहे. त्यामुळे या परिसरातील विद्यार्थ्याला बहिर्जी परके वाटत नाहीत. स्पर्धा, भाषणे, भित्तिपत्रके आणि प्रकल्पलेखन यांत त्यांचे नाव आवर्जून येते आणि बहुतेक वेळा त्यामागे ‘स्वराज्याच्या गुप्तहेर खात्याचे प्रमुख’ हे बिरुद जोडलेले असते.

या बिरुदातील एकही महत्त्वाचा शब्द बहिर्जींच्या काळचा नाही. कृष्णाजी अनंत सभासदाने सतराव्या शतकाच्या अखेरीस जिंजी येथे राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून लिहिलेल्या बखरीत बहिर्जींचा उल्लेख ‘जासूद’ असा येतो. ‘गुप्तहेर’ हा सामासिक शब्द, ‘खाते’ या शब्दाचा सरकारी विभाग हा अर्थ आणि त्या खात्याला एक ‘प्रमुख’ असावा ही कल्पना पुढच्या काळातली आहे. विसाव्या शतकातील मराठी रहस्यकथांच्या मालिकांनी ती घरोघरी नेली. प्रस्तुत निबंधाचा विषय हा शब्दांचा प्रवास आहे. हेरकथेने आपले शब्द प्रथम इतिहासाकडून उसने घेतले आणि अलीकडे इतिहासच हेरकथेकडून शब्द उसने घेऊ लागला आहे. ही उसनवारी ओळखली गेली नाही तर कादंबरीतील दंतकथा दाखल्याच्या रूपाने इतिहासात शिरते. म्हणून तिची तपासणी होणे आवश्यक ठरते.

जुन्या कागदांतील शब्द :

‘जासूद’ हा मूळ अरबी ‘जासूस’. मराठीत त्याचे रूप बदलले आणि अर्थही सरकला. पेशवाईतील पत्रव्यवहारात ‘जासूद जोडी’ वारंवार भेटते. कागद घेऊन दोन माणसे एकत्र धाडली जात, वाटेत एकाला काही झाले तरी दुसऱ्याने मजकूर पोहोचवावा अशी ती योजना होती. येथे जासूद हा हेरापेक्षा पत्रवाहक अधिक आहे. ‘काशीद’ हा त्याचाच जोडीदार. ‘हरकारा’ अथवा ‘हलकारा’ हा धावत बातमी नेणारा, ‘सांडणीस्वार’ हा उंटावरून जाणारा, ‘अखबारनवीस’ हा परदरबारातील घडामोडी लिहून पाठविणारा. ‘बातमीदार’ या शब्दाला त्या काळी वर्तमानपत्राचा वास नव्हता. शत्रूच्या गोटातील हालहवाल आणणारा तो बातमीदार. ‘नजरबाज’ हा पारखी नजरेचा टेहळ्या. या सर्व शब्दांवरून एक गोष्ट स्पष्ट होते. बातमी काढणे, ती वाहून नेणे आणि ती लिहिणे ही कामे एकाच साखळीतली मानली जात होती, त्यांत आजच्यासारखी काटेकोर विभागणी नव्हती. जो बातमी काढी तोच पुष्कळदा ती घेऊन धावेही.

देशी शब्द ‘हेर’. त्यावरून बनलेले ‘हेरणे’ हे क्रियापद आजही पूर्ण जिवंत आहे. दुकानदार गिऱ्हाईक हेरतो, प्रवासी खिडकीची जागा हेरून ठेवतो, मुलीचे वडील स्थळ हेरतात. यांपैकी कोणालाही आपण हेरगिरी करीत आहोत असे वाटत नाही. ‘हेर’ या नामाला मात्र मराठीत कमीपणा चिकटलेला आहे. ‘चहाडखोर’, ‘चुगलखोर’, ‘फितूर’ या शब्दांच्या शेजारी तो बसतो. म्हणूनच पुढे त्याला ‘गुप्त’ हे संस्कृत विशेषण लावून प्रतिष्ठा देण्याचा प्रयत्न झाला असावा. वास्तविक हेर हा गुप्तच असतो, उघड हेर ही वदतोव्याघाताची गोष्ट. तरीही ‘गुप्तहेर’ हा द्विरुक्त शब्द रूढ झाला आणि आज ‘हेर’पेक्षा तोच अधिक भारदस्त वाटतो.

राज्याभिषेकाच्या वेळच्या कानूजाबत्याचे उदाहरण या संदर्भात बोलके आहे. अष्टप्रधानांपैकी मंत्री म्हणजे पूर्वीचा वाकनीस. दत्ताजी त्रिंबक यांच्याकडे हे पद होते. मंत्रविचार, आमंत्रण-निमंत्रण आणि वाकनिशी ही कामे मंत्र्याकडे सोपविलेली आहेत. अनेक क्रमिक पुस्तकांत याच पदाचे वर्णन ‘गुप्तहेर खाते सांभाळणारा मंत्री’ असे केलेले आढळते. भावार्थ सर्वथा चुकीचा म्हणता येणार नाही, कारण राजाभोवतीच्या हालचालींवर लक्ष ठेवणे हे वाकनिशीत येतेच. परंतु मूळ शब्दांच्या जागी आधुनिक खाते बसविले की त्या खात्याला कचेरी, अधिकारी आणि हजारोंची नोंदलेली संख्याही असलीच पाहिजे असे वाचकाला वाटू लागते.

संस्कृत परंपरेत याहून काटेकोर परिभाषा होती, हेही ध्यानात घ्यावे लागते. कौटिलीय अर्थशास्त्राची हस्तलिखित प्रत १९०५ मध्ये म्हैसूर येथे शामशास्त्री यांच्या हाती आली व १९०९ मध्ये ग्रंथ छापला गेला. मुंबईत र. पं. कंगले यांनी त्याची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली. त्यात हेरांचे ‘संस्था’ आणि ‘संचार’ असे दोन वर्ग आहेत, एका जागी राहणारे आणि फिरते. कापटिक, उदास्थित, गृहपतिक, वैदेहक, तापस हे पहिल्या वर्गातले. सत्री, तीक्ष्ण, रसद आणि भिक्षुकी हे दुसऱ्यातले. दोन्ही पक्षांकडून वेतन घेणाऱ्यास ‘उभयवेतन’ असा अत्यंत नेटका शब्द आहे. विसाव्या शतकातील हेरकथांना ज्यासाठी ‘डबल एजंट’ हा इंग्रजी शब्द घ्यावा लागला, तो अर्थ या एका शब्दात केव्हाच सामावलेला होता. परंतु हा ग्रंथ मराठी वाचकासमोर उशिरा आला आणि पंडितांच्या कक्षेतच राहिला. ‘रसद’ या शब्दाची तर गंमतच झाली. कौटिल्याचा रसद हा विषप्रयोग करणारा मारेकरी, तर मराठ्यांच्या कागदपत्रांतील फारसी ‘रसद’ म्हणजे फौजेला लागणारा दाणागोटा. मराठी मनाने दाणागोटाच पसंत केला.

गुप्त वस्तू आणि गुप्त लिपी :

हेरकथेला माणसाइतकीच वस्तूंची गरज असते. मराठीत ‘गुप्ती’ या नावाचे शस्त्रच आहे. वरून साधी काठी आणि आत पाते. ‘बिचवा’, ‘जांबिया’, ‘कट्यार’, ‘वाघनखे’ ही अंगावर लपविता येणारी आयुधे. ‘खलिता’, ‘थैली’, ‘लखोटा’ ही कागद बंद करण्याची साधने, तर पत्राच्या शेवटी उमटणारे ‘मोर्तब’ ही तो कागद अस्सल असल्याची आणि पुढे कोणी भर घातली नसल्याची खूण. वास्तूंच्या बाबतीत मराठीने ‘चोर’ हा शब्द उपसर्गासारखा वापरला आहे. चोरदरवाजा, चोरदिंडी, चोरवाट, चोरखण, चोरकप्पा, चोरखिसा. यांत चोरी कोठेच नाही, आहे ती केवळ नजरेआड असण्याची सोय. गडकोटांनी आणि जुन्या वाड्यांनी दिलेली ही शब्दमालिका पुढे रहस्यकथांच्या फार कामी आली. भुयार आणि चोरदरवाजा यांच्यावाचून किती कथा उभ्या राहिल्या असत्या, हा प्रश्नच आहे.

गुप्त लेखनाचा विचार करताना लोणारचे स्मरण वेगळ्या कारणाने होते. चक्रधरस्वामींच्या भ्रमणात लोणारचा समावेश आहे. ‘लीळाचरित्रा’त तेथील वास्तव्याच्या लीळा आलेल्या आहेत. आज विवराकडे उल्कापाताची जागा म्हणून जग पाहते आणि गावकरी लवणासुराच्या वधाची कथा सांगतात, या दोहोंच्या मध्ये लोणारचा हा महानुभाव संदर्भ काहीसा झाकला गेला आहे. चक्रधरांच्या अनुयायांनी पुढील काळात आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. सकळ, सुंदरी, पारमांडल्य, अंक, शून्य, वज्र अशी त्या लिप्यांची नावे आहेत. अक्षरांच्या जागी दुसरी अक्षरे अथवा चिन्हे योजण्याची ही पद्धत होती. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकांच्या प्रयत्नांतून या लिपीची किल्ली विद्वानांना मिळाली आणि मराठीचे एक प्राचीन दालन उघडले. गुप्त लिपी उकलण्याचा मराठीतील सर्वांत मोठा प्रसंग हाच म्हणावा लागेल आणि तो कोणत्याही कादंबरीतला नाही.

येथे नावांकडे विशेष लक्ष वेधावेसे वाटते. ज्या लिपीने सर्वांपासून मजकूर झाकला तिचे नाव ‘सकळ’! झाकणाऱ्या वस्तूने आपल्या नावातून झाकपाक सांगू नये, ही वृत्ती त्यात दिसते. हाताच्या बोटांनी बोलण्याच्या सांकेतिक भाषेला ‘करपल्लवी’ आणि डोळ्यांच्या खुणांना ‘नेत्रपल्लवी’ म्हणणाऱ्या मराठीत तीच वृत्ती आहे. पल्लव म्हणजे कोवळी पालवी. या शब्दांत कारस्थानाचा मागमूसही नाही.

इंग्रजी अंमल :

इंग्रजी राजवटीत दोन गोष्टी घडल्या. एकीकडे गावगाड्यातील माग काढण्याची परंपरा मोडली. पूर्वी चोराचा माग ज्या गावच्या शिवेत जाई त्या गावाने तो पुढे काढून द्यावयाचा अशी रीत होती आणि रामोशी, जागल्या आदींकडे हे कसब असे. ‘माग’, ‘सुगावा’, ‘ठावठिकाणा’, ‘पाळत’, ‘कानोसा’ हे शब्द त्या जगातले आहेत. दुसरीकडे १९०२-०३ च्या पोलीस आयोगाच्या शिफारशींनंतर प्रांतोप्रांती गुन्हा अन्वेषण विभाग निघाले आणि ‘सीआयडी’ ही अक्षरे मराठीत शब्दासारखी वापरली जाऊ लागली. राजकीय कार्यकर्त्यांच्या घरांवर आणि सभांवर नजर ठेवणारा, साध्या वेशातला सरकारी माणूस म्हणजे सीआयडी. ‘मागे सीआयडी लागला’ या प्रयोगात भीती आणि तुच्छता एकाच वेळी आहे. ‘हेर’ या शब्दाला आधीच असलेला कमीपणा या अनुभवाने पक्का केला.

हिंदुस्थानच्या भूमीवरील पहिली नामवंत इंग्रजी हेरकादंबरी म्हणजे रुडयार्ड किपलिंगची १९०१ मधील ‘किम’. तिच्यातील हेरांना अक्षर आणि अंक मिळून बनलेल्या खुणा आहेत. तिच्यामागे खरी माणसे होती. तिबेटची मोजणी करणारे नैनसिंग यांच्या माळेत १०८ ऐवजी १०० मणी असत, पावले मोजण्यासाठी. आकड्याने ओळखला जाणारा हेर ही साम्राज्याच्या दप्तराची निर्मिती होती. इयन फ्लेमिंगच्या १९५३ मधील ‘कसिनो रॉयल’ने तोच आकडा शून्य-शून्य-सात या रूपात जगभर नेला. फ्लेमिंग स्वतः दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश नौदलाच्या गुप्तवार्ता विभागात होता आणि नायकाचे नाव त्याने वेस्ट इंडीजमधील पक्ष्यांवर पुस्तक लिहिणाऱ्या एका पक्षिशास्त्रज्ञावरून उचलले होते. त्याला हवे होते एक साधे, निर्गुण नाव.

मालिकांचा काळ :

मराठी नायकाला मात्र निर्गुण नाव चालले नसते. बाबूराव अर्नाळकर (१९०६-१९९६), मूळ नाव चंद्रकांत सखाराम चव्हाण, यांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. त्यांचे नायक आहेत ‘झुंजार’ आणि ‘काळा पहाड’. झुंजारराव हा मराठेशाहीतील किताब, तो घाटग्यांच्या घराण्यात होता. गोविंद बल्लाळ देवलांनी १८९० मध्ये शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’ला मराठी वेष चढविला तेव्हा त्या नाटकालाही ‘झुंजारराव’ हेच नाव दिले. काळा पहाड हे नाव त्याहून दुरून आले आहे. सोळाव्या शतकात बंगालच्या सुलेमान कर्राणीचा जो सेनानी ओडिशावर चालून गेला, तो इतिहासात आणि दंतकथांत काळा पहाड म्हणून ओळखला जातो. मूर्तिभंजक म्हणून पूर्वेकडे ज्याचे नाव दहशतीने घेतले जाई, तेच नाव गिरगावातल्या वाचकासाठी एका लाडक्या नायकाचे झाले. नाव आपल्या अर्थासकट प्रवास करीत नाही, नादासकट करते, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

पुढे गुरुनाथ नाईक यांनी १९७० नंतरच्या दोन दशकांत हजारावर रहस्यकथा लिहिल्या. २०२२ मध्ये त्यांचे निधन झाले. ‘गोलंदाज’, ‘शिलेदार’ ही त्यांच्या मालिकांची नावे. गोलंदाज म्हणजे तोफ डागणारा, शिलेदार म्हणजे स्वतःचे घोडे व हत्यार घेऊन चाकरीस येणारा स्वार. बारगिराला सरकारी घोडे मिळे, शिलेदार स्वतःचा. स्वतंत्र वृत्तीच्या, कोणाच्या पगारावर नसलेल्या नायकाला याहून समर्पक नाव सापडणे कठीण होते. सुहास शिरवळकर (१९४८-२००३) यांचा ‘दारा बुलंद’ त्याच नादाचा आहे, जरी त्यांच्या मंदार पटवर्धन आणि बॅरिस्टर अमर विश्वास या नायकांची नावे शेजारच्या बिऱ्हाडात शोभावीत अशी आहेत.

या नावांची यादी पुढे ठेवली असता जी गोष्ट जाणवते ती अशी, की त्यांत जासूद नाही, नजरबाज नाही, हरकारा नाही. गुप्तपणे काम करणाऱ्या नायकांना उघड रणांगणावरची नावे मिळाली. कारण उघड आहे. हेर हा शब्द चहाडीने आणि सीआयडीने डागाळला होता. अर्नाळकर स्वतः स्वातंत्र्यचळवळीत तुरुंगवास भोगलेले गृहस्थ होते. त्यांच्या वाचकांपैकी अनेकांच्या घरांनी साध्या वेशातील पोलिसांची पाळत पाहिली होती. अशा वाचकाला नायक म्हणून सरकारी हेर मान्य होणे शक्य नव्हते. त्याला हवा होता कायद्याच्या चौकटीबाहेर राहून दुर्जनांना धडा शिकविणारा वीर. मराठी हेरकथेचा आरंभ अशा रीतीने हेराच्या शब्दाला टाळून झाला.

हे टाळणे कधी संपले, हेही नावांवरूनच दिसते. १९६२, १९६५ आणि १९७१ ची युद्धे झाली, १९६८ मध्ये ‘रॉ’ या संघटनेची स्थापना झाली आणि देशाचा हेर हा स्वकीय झाला. नाईकांचा ‘कॅप्टन दीप’ हा या बदलाचा प्रतिनिधी मानता येईल. त्याच्या नावाआधी किताब नाही, सैन्यातला हुद्दा आहे. आता ‘एजंट’, ‘मिशन’, ‘कोड’, ‘ट्रान्समीटर’ हे शब्द निःसंकोच येऊ लागले आणि त्यांच्याबरोबरच ‘गुप्तहेर’ हा शब्द निष्कलंक होऊन परतला. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणेही याच काळातला. फुरसुंगीचा हा किडकिडीत मुलगा सायकलवरून हेरांचा आणि चोरांचा माग काढतो आणि त्याच्याजवळ शस्त्र कोणते, तर ‘टॉक्’ हा एक आवाज.

संग्रहाचा प्रश्न :

पाश्चात्त्य हेरमालिकांभोवती वस्तूंचा बाजार उभा राहिला. जेम्स बाँडच्या अॅस्टन मार्टिन मोटारीची कॉर्गी कंपनीने १९६५ मध्ये काढलेली खेळण्यातील प्रतिकृती आजही संग्राहक शोधत असतात. मराठी मालिकांभोवती असे काही घडले नाही. पुस्तक स्वस्त कागदावर छापलेले, मुखपृष्ठ भडक, बांधणी तकलादू. ते विकत घेण्यापेक्षा वाचनालयातून दिवसाच्या भाड्याने आणण्याची चाल अधिक. हातोहाती फिरून मुखपृष्ठ आणि शेवटची पाने गळाली की त्याची रवानगी रद्दीत होई. रहस्याचा उलगडा नेमका शेवटच्या पानांत असल्याने ही गळती वाचकाला फारच जिव्हारी लागत असणार! १९६७ च्या सार्वजनिक ग्रंथालय अधिनियमानंतर महाराष्ट्रात ग्रंथालयांचे जाळे वाढले, परंतु या पुस्तकांना जपण्याजोगा ग्रंथ मानण्याची वृत्ती त्याबरोबर आली नाही. महाविद्यालयीन ग्रंथालयांचे तर विचारावयासच नको. वि. स. खांडेकरांच्या शेजारी अर्नाळकर ठेवणे प्राध्यापकवर्गाला मानवणारे नव्हते. ही अभिरुची होती, तिला दोष देण्याचे कारण नाही. मात्र तिची किंमत भाषेच्या इतिहासाने मोजली.

वस्तू राहिल्या नाहीत, तेव्हा वाचकाने शब्द जपले. झुंजार हे विशेषण म्हणून, टॉक् हा उद्गार म्हणून, जेम्स बाँड हे सामान्यनाम म्हणून (‘स्वतःला मोठा जेम्स बाँड समजतो’). ‘संग्राह्य’ हा मराठी शब्द वस्तूंपेक्षा दिवाळी अंकांना अधिक लावला गेला हेही यथायोग्यच. ‘धनंजय’ आणि ‘चंद्रकांत’ या रहस्यकथांना वाहिलेल्या दिवाळी अंकांनी अनेक घरांतील कपाटे अडविलेली आहेत. मालिकेच्या नायकाला मराठी समीक्षेने दिलेला शब्द ‘मानसपुत्र’ हाही या संदर्भात विचारात घेण्यासारखा आहे. इंग्रजी व्यवहारात असा नायक ही मालमत्ता ठरते, तिचे हक्क विकले व खरेदी केले जातात. मराठीने त्याला अपत्य मानले. अपत्याचा परवाना दुसऱ्यास देता येत नाही आणि लेखकामागे मालिका चालू राहण्याची रीत मराठीत फारशी रुजली नाही, याचा या शब्दाशी काही संबंध असू शकेल.

खरा संग्राहक कसा असतो हे पाहावयाचे तर पुण्याच्या दिनकर केळकरांकडे पाहावे. अडकित्ते, दिवे, दौती, शस्त्रे यांसाठी गावोगाव भटकणाऱ्या या गृहस्थांचा व्यवसाय चष्म्यांचा होता आणि कविता ते ‘अज्ञातवासी’ या नावाने लिहीत. अर्नाळकरांचेही गिरगावात चष्म्यांचेच दुकान होते. एकाच व्यवसायातील दोघांपैकी एकाने लोकांच्या माजघरातील वस्तू जमविल्या आणि दुसऱ्याने त्यांच्या मनातील भयविस्मय.

कोशांची स्थितीही पाहणे अगत्याचे आहे. मोल्सवर्थच्या कोशाची दुसरी आवृत्ती १८५७ ची. दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश १९३२ ते १९३८ या काळात प्रसिद्ध झाला. रहस्यकथांच्या मालिका भरभराटीस आल्या त्या यानंतर. त्यामुळे जुन्या बातमीदारीचे शब्द या कोशांत शोधता येतात, परंतु पॉकेटबुकांनी त्या शब्दांना दिलेले नवे अर्थ पाहण्यासाठी मूळ पुस्तकेच हवीत आणि ती रद्दीत गेली.

उलट उसनवारी :

या पार्श्वभूमीवर बहिर्जी नाईकांच्या आजच्या प्रतिमेकडे वळता येईल. बखरीतील उल्लेख मोजके आहेत. १६६४ च्या सुरतेच्या स्वारीपूर्वीची बातमी आणि १६७९ मधील पट्ट्याची वाट हे त्यांतले ठळक. आज मात्र बहिर्जींच्या हाताखाली तीन-चार हजार हेर होते, त्यांनी पक्ष्यांच्या आवाजांची सांकेतिक भाषा बनविली होती, ते शत्रूच्या दरबारात वेष पालटून खुद्द खानाशी बोलून येत, अशी सविस्तर माहिती सर्वत्र सांगितली जाते. तिच्यातील प्रत्येक घटक रहस्यकथेच्या वाचकाच्या परिचयाचा आहे. वेषांतर, सांकेतिक भाषा, प्रमुख आणि त्याचे जाळे. ही माहिती समकालीन कागदांतून आलेली नाही, ती मालिकांच्या साच्यातून आलेली आहे. ‘फर्जंद’ (२०१८) आणि ‘फत्तेशिकस्त’ (२०१९) या चित्रपटांनी बहिर्जींना नव्या पिढीपुढे आणले हे त्यांचे श्रेय आहेच. दुसऱ्या चित्रपटाच्या प्रसिद्धीत ५ एप्रिल १६६३ च्या लाल महालावरील छाप्याला ‘सर्जिकल स्ट्राईक’ म्हटले गेले. जाहिरातीने ते म्हणावे. परंतु हाच शब्द उत्तरपत्रिकेत आणि शोधनिबंधाच्या शीर्षकात येऊ लागतो तेव्हा ‘छापा’ या अस्सल मराठी शब्दात असलेला रात्रीचा, अल्पसंख्य माणसांचा आणि अचानकपणाचा अर्थ वाया जातो.

कोणी म्हणेल, शब्द बदलल्याने बहिर्जींचा मान वाढत असेल तर हरकत काय? हरकत अशी, की त्यात त्यांच्या खऱ्या कामगिरीचे स्वरूपच हरपते. पट्ट्याच्या प्रसंगी बहिर्जींनी वेषांतर केले नाही, कोणताही संकेत उकलला नाही. लुटीने जड झालेली फौज, पाठीवर शत्रू आणि डोंगराळ मुलूख. अशा स्थितीत त्यांना वाटा ठाऊक होत्या. तीन दिवसांची ती चाल हे मुलूख पायाखाली घातलेल्या माणसाचे कसब होते. ‘जासूद’ या शब्दात धावणे, वाट आणि निरोप हे तिन्ही आहे. ‘गुप्तहेर खात्याचा प्रमुख’ या बिरुदात त्यांतले एकही नाही.

लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातील वाघनखे २०२४ च्या जुलैमध्ये मुदतीच्या बोलीवर साताऱ्यास आली तेव्हा मोठी गर्दी लोटली. त्या वाघनखांची परंपरा ग्रँट डफपर्यंत जाते. परंतु प्रतापगडी वापरलेली ती हीच, याची खातरजमा करता येत नाही असे त्या संग्रहालयाने आपल्या नोंदीत स्वतःच लिहून ठेवले आहे. लोखंडी वस्तूबाबत इतकी सावधगिरी बाळगली जाते. शब्द मात्र कोणत्याही नोंदीवाचून या काळातून त्या काळात नेऊन ठेवले जातात. पदवीच्या वर्गात सभासदाची बखर शिकविताना मूळ ‘जासूद’ तसाच ठेवून त्याचा अर्थ शेजारी देणे, आणि ‘गुप्तहेर’ हा शब्द मराठीत केव्हापासून व कोणत्या पुस्तकांमुळे रूढ झाला हे विद्यार्थ्यांकडून तपासून घेणे, एवढे काम जालना-सिंदखेड-लोणार पट्ट्यातील कोणत्याही महाविद्यालयाला करता येण्याजोगे आहे. त्यासाठी बखर ग्रंथालयात आहे. मुखपृष्ठ गळालेली पॉकेटबुके तेवढी रद्दीच्या दुकानांतून आणि जुन्या वाचनालयांच्या माळ्यांवरून, आहेत तोवर, उतरवून घ्यावी लागतील.